दोन झाले, मॅडम



आज पदवी घेणाऱ्या सर्वांचं मनापासून अभिनंदन. तुमच्या आईवडिलांचं थोडं जास्त, कारण फी त्यांनी भरली आहे. अभिनंदनाचं काम इथे संपलं. कुलसचिवांनी मघाशी दोनदा घड्याळ दाखवलंय, तेव्हा मुद्द्यावर येते.

पत्रिकेवर माझा विषय छापलाय ‘ताणाखालील निर्णय’ आणि माझ्या नावामागे ‘ख्यातनाम’. विषय बरोबर आहे, विशेषण चुकलंय. भूलतज्ज्ञ कधी ख्यातनाम नसतो. पेशंटला सर्जनचं नाव जन्मभर पाठ असतं. भूल कोणी दिली असं विचारलं, तर ‘एक बाई होत्या, आकडे मोजायला सांगत होत्या’ यापलीकडे उत्तर मिळत नाही. काही बिघडलं तर मात्र दुसऱ्या दिवशीच्या पेपरात पहिला उल्लेख आमचाच.

मी मुंबईत शिकले आणि जिल्ह्याच्या गावी प्रॅक्टिसला आले. तिथला भूलतज्ज्ञ म्हणजे फिरता माणूस. सकाळी या नर्सिंग होममध्ये हर्निया, दुपारी त्या नर्सिंग होममध्ये पित्ताशय, रात्री फोन आला की सिझेरियन. कायनेटिक होंडाच्या डिकीत लॅरिंगोस्कोप, त्याचे जादा सेल, श्वासनलिकेत घालायच्या चार मापांच्या नळ्या, अँब्यू बॅग, आणि बर्फ घातलेल्या थर्मासमध्ये स्नायू सैल करणारं औषध, स्कोलीन. थर्मास अशासाठी, की जिथे जायचं तिथल्या फ्रिजवर भरवसा नसायचा. एका ठिकाणी इंजेक्शनांच्या कप्प्यात दह्याचं भांडं आणि कोथिंबिरीची जुडी सापडली होती. पल्स ऑक्सिमीटरचं तत्त्व ताकुओ आओयागी या जपानी इंजिनिअरने १९७४ मध्ये मांडलं, पण ते यंत्र आमच्या गावात पोचेपर्यंत नव्वदचं दशक उजाडलं. तोवर आमचा मॉनिटर म्हणजे नाडीवरचं बोट, कानाच्या पाळीचा रंग आणि जखमेतल्या रक्ताचा रंग. लोडशेडिंगमध्ये रंगही दिसायचा नाही. मग वॉर्डबॉय टॉर्च धरायचा आणि सर्जन त्याच्यावर ओरडायचे.

पेशंटची आणि आमची पहिली भेट टेबलावर. ‘तपासून ठेवलंय मॅडम, तुम्ही या फक्त.’ टेबलावरच्या बाईने तासाभरापूर्वी वरणभात खाल्लाय, हे बाहेर बसलेल्या तिच्या सासूकडून कळायचं. बिल फाटायचं सर्जनच्या नावाने, आमचं पाकीट ते देतील तेव्हा आणि देतील तेवढं. मागायला गेलं की म्हणणार, अहो, तुमचं काम पाच मिनिटांचं, नंतर तुम्ही स्टुलावर बसूनच असता. भूल देणं सोपं असतं, पेशंटला त्यातून सुखरूप बाहेर आणणं कठीण असतं, हे मी चार माणसांत सांगून पाहिलंय. कोणी ऐकत नाही, म्हणून आज माइक हातात आल्यावर सांगून घेते.

आता एमडीच्या दिवसांकडे येते. आमच्या विभागात एक मॅडम होत्या. नाव सांगत नाही, त्यांना आवडलं नसतं. बारीक अंगाच्या, करड्या आवाजाच्या. रेसिडेंटने पेशंटला ‘ए’ म्हटलं तर ओटीतून बाहेर काढायच्या. सिझेरियनला भूल देण्याआधी त्यांचा एक ठरलेला कार्यक्रम असे. शेजारी उभ्या असलेल्या सिस्टरना त्या म्हणायच्या, ‘नळी घालायला मी दोनदा बघणार आहे. दोनदा जमलं नाही तर तुम्ही मोठ्याने म्हणायचं: दोन झाले, मॅडम. तरी मी तिसऱ्यांदा हात घातला, तर हात धरायचा.’

आम्ही पोरं मागे उभी राहून हसायचो. ज्या बाईचे हात डोळे मिटून नळी घालतात, तिला दोनपर्यंत मोजायला माणूस लागतो? पुढे वाचनात आलं की ॲबरडीनच्या टनस्टॉल यांनी १९७६ मध्ये, बाळंतिणीला नळी बसलीच नाही तर पुढे काय करायचं, याचा क्रम लिहून छापला होता. हट्ट सोडायचा, मास्कने प्राणवायू चालू ठेवायचा, लागलं तर पेशंटला जागं करायचं. मॅडमनी तो वाचला होता. सिस्टरच्या तोंडी आकडा देण्याची कल्पना मात्र त्यांची स्वतःची.

त्या आकड्याची किंमत मला गावात आल्यावर कळली. रात्रीची वेळ, बाळाचे ठोके उतरलेले, सर्जन हात धुऊन, सुरी मागून उभे. ‘जनरल द्या, वेळ नाही.’ तोवर मॅडमची सवय मी उचलली होती, म्हणून तिथल्या सिस्टरना दोन वाक्यांत सांगून ठेवलं होतं. थायोपेंटोन दिलं, स्कोलीन दिलं, लॅरिंगोस्कोप घातला. समोर फक्त जीभ आणि सुजलेला घसा. मास्कने श्वास दिला, डोक्याखालची उशी बदलली, पुन्हा पाहिलं. स्वरयंत्राची कड दिसल्यासारखी वाटली, आणि नळी अन्ननलिकेत गेली. काढली.

त्या क्षणी मनात काय चाललं होतं ते नीट सांगते, कारण आजच्या भाषणाचा गाभा तोच आहे. भीती नव्हती, गोंधळही नव्हता. उलट पक्की खात्री होती, की आता कुठे वळवायचं ते कळलंय, तिसऱ्या वेळी जमणारच. फार तर अर्धं मिनिट झालं असेल असं वाटत होतं. सर्जन काहीतरी बोलत होते, ते शब्द कानावर पडत होते आणि अर्थ लागत नव्हता. माझा हात नळीकडे गेलासुद्धा. तेवढ्यात त्या सिस्टर, आवाज कापत होता त्यांचा, म्हणाल्या, ‘दोन झाले, मॅडम.’

मला राग आला. खरं सांगते, चीड आली. पण हात थांबला. मास्क लावला, बाईंना जागं होऊ दिलं, कुशीवर वळवून पाठीत स्पायनल दिलं. बाळ जरा उशिरा रडलं, पण रडलं. आई तिसऱ्या दिवशी जेवण आळणी आहे म्हणून तक्रार करत होती. आणि सर्जन? त्यांनी बाहेर नातेवाइकांना सांगितलं की भूलवाल्या बाईंमुळे वेळ गेला. त्या दवाखान्यातून मला पुन्हा कधी बोलावणं आलं नाही. सिस्टरनाही बोलणी बसली, ‘मध्ये बोलायची काय गरज होती?’

हे मुद्दाम सांगितलं. थांबणाऱ्याचं कौतुक होत नाही. तिसऱ्या प्रयत्नात जमलं असतं तर मी वाघीण ठरले असते. आमच्या पेशात शौर्याच्या कथा सगळ्या तिसऱ्या आणि चौथ्या प्रयत्नाच्या असतात. ज्यांचं जमलं नाही, त्यांच्या कथा कोणी कॅन्टीनमध्ये सांगत नाही.

आता थोडं शास्त्र. इस्टरब्रुक या मानसशास्त्रज्ञाने १९५९ मध्ये मांडलं की उत्तेजना वाढत गेली की माणसाचं लक्ष आवळत जातं, आणि कडेच्या खुणा आधी निसटतात. समोरचं स्वरयंत्र दिसतं, घड्याळ दिसत नाही. सिस्टर तर दिसतच नाहीत. आपण समजतो की ताणाखाली माणूस चुकीचा निर्णय घेतो. मी आयुष्यभर पाहिलं ते वेगळं आहे. तो निर्णय घेतच नाही, हातात जे चालू होतं ते तसंच पुढे रेटतो. आणि रेटताना त्याला वाटत असतं की आपण लढतोय.

इंग्लंडमध्ये २००५ मध्ये एका तरुण बाईंना सायनसच्या साध्या शस्त्रक्रियेसाठी भूल दिली गेली. नळी बसेना, प्राणवायू जाईना. खोलीत अनुभवी भूलतज्ज्ञ होते, कान-नाक-घशाचे सर्जन होते. ते प्रयत्न करत राहिले. एका परिचारिकेने गळ्यातून वाट काढण्याचं सामान आणून ठेवलं आणि तसं सांगितलं. दुसरीने अतिदक्षता विभागात खाट सांगून ठेवली. त्यांना दिसत होतं. ज्यांच्या हातात लॅरिंगोस्कोप होता त्यांना दिसत नव्हतं. त्या बाई वाचल्या नाहीत. त्यांचे पती मार्टिन ब्रॉमिली पेशाने वैमानिक. त्यांनी कोणाची नोकरी घालवण्याचा हट्ट धरला नाही. आमच्याकडे अपघात झाला की चौकशी होते, तुमच्याकडे का होत नाही, असा त्यांचा सवाल होता. २००७ मध्ये त्यांनी हाच सवाल धसास लावायला संस्था काढली. पुढे २०१५ मध्ये ब्रिटनच्या भूलतज्ज्ञांनी जे नियम छापले, त्यात प्रयत्नांवर मर्यादा आहे: तीन, आणि वर एक, तोही अधिक जाणत्या हाताचा. मग अपयश मोठ्याने जाहीर करायचं. मॅडमचा आकडा दोन होता, त्यांचा तीन-अधिक-एक. आकड्यावरून मी भांडणार नाही. तो आधी ठरला, हे महत्त्वाचं.

वैमानिकांना तरी हे सगळं जमतं का? नेहमी नाही. २२ मे २०१० रोजी दुबईहून आलेलं एअर इंडिया एक्स्प्रेसचं विमान मंगळूरच्या टेकडीवरच्या धावपट्टीकडे उतरत होतं, हवं त्याहून खूप उंचावरून. सहवैमानिकाने तीनदा सुचवलं की उतरू नका, पुन्हा वर घ्या. कॅप्टनने उतरणं चालू ठेवलं. १६६ जणांपैकी १५८ गेले. सांगणारा होता, नियम होता, शब्दही ठरलेले होते. ऐकायची तयारी तेवढी नव्हती.

इथे मागच्या रांगेतला एखादा हुशार मुलगा म्हणेल, मॅडम, अनुभवी माणसाला आतून कळतं त्याचं काय? बरोबर आहे. गॅरी क्लाइन यांनी १९८० च्या दशकात अग्निशमन दलाच्या अधिकाऱ्यांचा अभ्यास केला. हे लोक पर्याय मांडून तुलना करत बसत नाहीत, प्रसंग ओळखतात आणि पहिला चालण्यासारखा उपाय लावतात, असं त्यांना दिसलं. अंतर्ज्ञानावर शंका घेणारे डॅनियल कानेमन आणि त्याची बाजू घेणारे क्लाइन यांनी २००९ मध्ये चक्क मिळून निबंध लिहिला. तात्पर्य असं: जिथे प्रसंगांना नियमित घडण आहे आणि आपलं बरोबर की चूक हे माणसाला लगेच कळत आलंय, तिथे त्याच्या अंतर्ज्ञानावर विश्वास ठेवावा. आणि आपल्याला किती खात्री वाटते, हा पुरावा धरू नये. हे वाचलं तेव्हा त्या रात्रीची ‘जमणारच’ ही माझी खात्री आठवली. अवघड घसा वर्षातून एखाददुसरा भेटतो. त्यावर कसलं आलंय अंतर्ज्ञान?

जागतिक आरोग्य संघटनेने २००८ मध्ये शस्त्रक्रियेची तपासणी यादी आणली. सुरी लावण्याआधी खोलीतल्या प्रत्येकाने आपलं नाव आणि काम सांगायचं, अडचण काय येऊ शकते ते बोलायचं. दिल्लीसह आठ शहरांतल्या रुग्णालयांत ती वापरून पाहिली, आणि मृत्यूचं प्रमाण दीड टक्क्यावरून ०.८ टक्क्यावर आल्याची नोंद झाली. आपल्याकडे ती कशी भरतात ते मी पाहिलंय. एका मोठ्या रुग्णालयात सकाळी आठ वाजता दिवसभराच्या सगळ्या याद्यांवर खुणा करून गठ्ठा तयार. पेशंट अजून वॉर्डात दात घासतोय. मी विचारलं तर उत्तर आलं, ‘मॅडम, ऑडिट आहे.’ ऑडिटपुरती भरलेली यादी न भरलेल्या यादीपेक्षा वाईट, कारण तिच्यामुळे सगळ्यांना वाटतं की काळजी घेतली गेली.

कुलसचिव पुन्हा घड्याळ बघतायत. आटोपते.

आजच्या मांडणीत डॉक्टर पुढच्या रांगांत आहेत आणि नर्सिंगच्या मुली मागे. हा क्रम ओटीत फार महागात पडतो. डॉक्टरांनो, धीर एकवटून थांबू, असा भ्रम बाळगू नका. ऐन वेळी धीर असतो, थांबणंच आठवत नाही. म्हणून कुठे थांबायचं ते सुरुवातीला, डोकं शांत असताना ठरवा, मोठ्याने बोला, आणि ते सांगण्याचा हक्क दुसऱ्या कोणाच्या तरी हाती द्या. तो माणूस तुमच्याहून वयाने, पगाराने, पदाने लहान असेल. असू दे. २००९ मध्ये दोन्ही इंजिनं बंद पडलेलं विमान हडसन नदीवर उतरवताना कॅप्टन सलनबर्गर यांच्याकडे जेमतेम साडेतीन मिनिटं होती. त्यातही त्यांनी सहवैमानिकाला विचारलं, काही सुचतंय का? त्याला काही सुचत नव्हतं. तरी विचारलं.

आणि मागच्या रांगांतल्या मुलींनो, मुलांनो, तुम्हाला बोलणी बसतील. मी खोटं सांगणार नाही. त्या रात्रीच्या सिस्टरना बसली. पण ‘सर, जरा बघता का’ असं पुटपुटू नका. जे दिसतंय ते आकड्यात सांगा: दोन झाले, सहा मिनिटं झाली, सॅच्युरेशन सत्तर. आकड्यावर चिडता येतं, वाद घालता येत नाही.

इंटर्नशिप संपवून उद्या जिथे रुजू व्हाल, तिथे पहिल्याच ड्युटीला सिस्टरचं नाव विचारा आणि त्यांना सांगा, मी थांबलो नाही तर मला थांबवा. त्यांनी थांबवलं की रागाने बघाल, बघा. पण काम झाल्यावर, बाहेर नातेवाइकांसमोर, त्यांचं नाव घेऊन सांगा की यांनी थांबवलं म्हणून बरं झालं. एवढं एक जण जरी करू लागला, तरी माझं बोलणं कामी आलं असं समजेन.