जिल्ह्यातला एकच हिरवा प्लॉट
(जिल्हा बैठकीतील भाषण, थोडे संक्षिप्त करून)



सकाळपासून कापसाच्या भावाचं बोलून झालं, विम्याचं झालं, बोंडअळीचंही झालं. मला कार्यकर्त्यांनी सांगितलं, तुम्ही पोरांच्या शिक्षणावर बोला, कारण यंदा कित्येकांचा कापूस दर वाढायची वाट न बघता विकला गेला तो क्लासची फी भरायलाच. खरं आहे. अकरावी-बारावी हा आता आपल्या घरातला सर्वांत मोठा खर्च झाला आहे. बियाणं, खत, फवारणी सगळं एकीकडे आणि पोराची बारावी एकीकडे.

मी शेतीशास्त्र शिकलेला माणूस, मास्तर नाही. म्हणून प्लॉटपासून सुरुवात करतो. कृषी विद्यापीठाचा प्रात्यक्षिक प्लॉट तुम्ही सगळ्यांनी पाहिला आहे. पऱ्हाटी छातीला लागते, बोंडं लगडलेली, बाजूला पाटी. शिवारफेरीला साहेब नेतात, चहा पाजतात. आपण घरी येतो, आपल्या धुऱ्यावर उभं राहतो आणि विचारतो, हे इथं का नाही? तिथलं तंत्र शेजारच्या शेतात जावं, हेच तर त्या प्लॉटचं काम. ते जात नसेल तर प्लॉट नुसता बघण्यापुरता.

सरकारनं शाळांच्या बाबतीत असाच एक प्लॉट देशातल्या जवळपास प्रत्येक जिल्ह्यात लावला आहे. जवाहर नवोदय विद्यालय. सहावी ते बारावी, मुलं-मुली एकत्र, राहणं-जेवण-पुस्तकं-गणवेश सरकारचं. १९८५-८६ साली पहिल्या दोनच शाळा निघाल्या, एक हरियाणात झज्जरला आणि दुसरी आपल्या अमरावतीला. म्हणजे हा प्रयोग कापसाच्या मुलखातच सुरू झाला. तेव्हा शिक्षणखातं होतं पी. व्ही. नरसिंह राव यांच्याकडे, आणि ते त्या वेळी रामटेकचे खासदार होते. त्यांनी १९७१ मध्ये मुख्यमंत्री असताना तेलंगणात सर्वेलला अशीच निवासी शाळा काढली होती. १९८६ च्या राष्ट्रीय शैक्षणिक धोरणात ही योजना पक्की झाली. आज अशा साडेसहाशेच्या वर शाळा आहेत. सरकारच्या धोरणांवर मी फारसा खूश होणारा माणूस नाही, पण जे चांगलं आहे त्याला चांगलं म्हणावं.

मी स्वतः १९९१-९२ मध्ये पाचवीत असताना नवोदयची परीक्षा दिली होती. लागलो नाही. आकृत्यांचे प्रश्न मी जन्मात पहिल्यांदा त्या दिवशी पाहिले. ही परीक्षा एकदाच देता येते, त्यामुळे विषय तिथंच संपला. तेव्हापासून त्या शाळेच्या फाटकाच्या आत काय चालतं, याची उत्सुकता मनात होती.

दोन वर्षांपूर्वी एका नवोदयमध्ये अकरावी विज्ञानाच्या मुलांशी जमिनीवर बोलायला बोलावलं, म्हणून गेलो. मी आपला काळी माती, तिचं ओल धरणं, भेगा पडणं सांगत होतो. मधेच एक मुलगी उठली. बाप कोरडवाहू, पाच एकर. ती म्हणाली, ''सर, आमच्या कापसावर लाल्या येतो. पुस्तकात लिहिलंय की हरितद्रव्याच्या प्रत्येक कणाच्या मधोमध मॅग्नेशियम असतं. मग मॅग्नेशियम कमी पडलं की हिरवा रंग जातो आणि खालचा लाल दिसतो, असं आहे का?''

मी दोन मिनिटं गप्प. लाल्याचं कारण मला पदवीच्या वर्गात कळलं, तेही परीक्षेपुरतं. मी तिला म्हटलं, बरंचसं बरोबर आहे. बोंडं भरताना झाडाला नत्र आणि मॅग्नेशियम कमी पडतं, रात्री थंड होतात, हिरवं द्रव्य मोडतं. पण लाल रंग खाली दडलेला नसतो, पान तो त्याच वेळी नव्यानं तयार करतं. त्यावर तिनं लगेच विचारलं, मग सल्फेट लाल झाल्यावर मारायचं की आधी? अहो, हाच प्रश्न तुम्ही मला दर वर्षी फोनवर विचारता! उत्तर तेच, आधी. पान लाल झाल्यावर फवारलेलं बहुतेक वाया जातं.

नंतर तिच्या शिक्षकांबरोबर जेवलो. त्यांना विचारलं, तुम्ही वेगळं काय करता? ते म्हणाले, काही नाही हो, आम्ही इथंच राहतो. ही गोष्ट छोटी वाटते, पण सगळं त्यात आहे. शिक्षकाचं घर शाळेच्या आवारात. संध्याकाळी अभ्यासाला मुलं बसतात तेव्हा शिक्षक तिथं असतात. प्रयोगशाळेत जे अर्धवट राहिलं ते रात्री विचारता येतं. मुलं अरावली, निलगिरी, शिवालिक, उदयगिरी अशा चार सदनांत वाटलेली, आणि प्रत्येक सदनाला एक शिक्षक पालक म्हणून. नववीत ३० टक्के मुलं वर्षभर दुसऱ्या भाषेच्या राज्यातल्या नवोदयमध्ये राहायला जातात. आपल्या खेड्यातलं पोर हिंदी मुलखात एक वर्ष काढून येतं, त्याची भीड चेपते.

आता दुसरं पोर सांगतो. माझ्या नात्यातलं, तेही अकरावी विज्ञान, तेही पाच-सहा एकरवाल्याचं. नाव एका कनिष्ठ महाविद्यालयात, शरीर दूरच्या शहरातल्या क्लासमध्ये. कॉलेजात ते वर्षात फक्त फॉर्म भरायला गेलं. दिवाळीला घरी आलं तेव्हा मी त्याला तोच लाल्याचा प्रश्न विचारला. म्हणालं, ''काका, हे सिलॅबसमध्ये नाही.'' अहो, आहे! त्याच्याच जीवशास्त्राच्या पुस्तकात आहे. पण त्यानं सूक्ष्मदर्शकाला डोळाच लावलेला नाही. आपल्या बोर्डात बारावी विज्ञानाच्या प्रत्येक विषयाला ३० गुण प्रात्यक्षिकाचे आहेत. ते ३० गुण कुठून येतात, हे मी या सभेत सांगायला नको. २०१८ साली राज्य सरकारनं विज्ञान शाखेसाठी बायोमेट्रिक हजेरीचा आदेश काढला होता. म्हणजे मुलं वर्गात नसतात, हे सरकारला ठाऊक होतं.

दोन्ही पोरांच्या डोक्यात फरक आहे, असं मी मानत नाही. नवोदय पाचवीत निवडून घेतं, हे खरं. पण निवडून घेतलेलं बी कोरड्या मातीत टाकलं तर ते काय करणार? नवोदयमध्ये तीन चतुर्थांश जागा खेड्यातल्या मुलांना आणि एक तृतीयांश मुलींना. ही पोरं आपलीच आहेत.

नवोदय म्हणजे स्वर्ग नाही, तेही सांगतो. दहा-अकरा वर्षांचं लेकरू आईपासून तोडलं जातं. २०१३ ते २०१७ या पाच वर्षांत देशभरच्या नवोदयांत ४९ मुलांनी आत्महत्या केल्याचं वर्तमानपत्रानं उघड केलं, आणि मानवाधिकार आयोगानं सरकारला नोटीस काढली. आपल्यासारख्यांना हा आकडा ऐकून काय होतं ते मी बोलत नाही. पोर पाठवलं तर फोनवर मार्कांआधी त्याची झोप-जेवण विचारा. दुसरी तक्रार माझी स्वतःची. सीबीएसईच्या यादीत शेती हा विषय अकरावी-बारावीला आहे, पण आपल्या मुलखातल्या किती शाळा तो घेतात? त्या मुलीनं लाल्या आणि हरितद्रव्य जोडलं ते तिचं तिनं. शाळेनं ते रोज जोडून द्यायला हवं होतं.

आता मुद्द्याचं. एका नवोदयमध्ये वर्षाला फार तर ८० मुलं सहावीत घेतात. जिल्ह्यात पाचवीला हजारो. उरलेल्यांचं काय? योजनेच्या उद्देशांतच लिहिलेलं आहे की, ही शाळा जिल्ह्यातल्या बाकी शाळांसाठी केंद्र व्हावी, आपला अनुभव आणि सोयी त्यांना द्याव्यात. लिहिलेलं आहे, भावांनो! चाळीस वर्षं होत आली. तुमच्या तालुक्याच्या कॉलेजची मुलं कधी नवोदयच्या प्रयोगशाळेत जाऊन बसली? तिथले शिक्षक कधी इकडे आले? मागायचं ते हे. आमच्या कॉलेजातल्या विज्ञानाच्या रिकाम्या जागा भरा, शिक्षकाला तालुक्यात राहायला घर द्या, प्रयोगशाळा उघडी ठेवा, आणि महिन्यातून एक दिवस नवोदयचं फाटक आमच्या पोरांना मोकळं करा. यात नवीन इमारत नाही, उद्घाटन नाही. कदाचित म्हणूनच कुणी करत नाही.

ज्यांची लेकरं पाचवीत आहेत त्यांनी फॉर्म मात्र भरा. परीक्षा मराठीत देता येते, ८० प्रश्न, दोन तास, आणि निम्मे प्रश्न आकृत्यांचे. ते आधी पाहिले नाहीत तर माझ्यासारखं होतं, म्हणून शाळेतल्या गुरुजींना सांगून दोन महिने रोज पाच आकृत्या सोडवून घ्या. खेड्याच्या जागेसाठी तिसरी, चौथी, पाचवी ग्रामीण भागातल्या शाळेत झालेली लागते, तेव्हा पोराला पाचवीत शहरात हलवायची घाई करू नका. आणि पुढच्या बैठकीला येताना प्रत्येक तालुक्यातून दोघांनी आपल्या कॉलेजात जाऊन विचारून यायचं आहे की, या सत्रात प्रयोगशाळेचं कुलूप किती दिवस उघडलं. तारखांसकट लिहून आणा. ते कागद घेऊन आपण शिक्षणाधिकाऱ्यांकडे जाऊ.