नीळ, पारा आणि चंपारण

नवी जीन्स पहिल्यांदा भिजत घातली की बादलीतलं पाणी निळं होतं. पुढे गुडघ्यांवर ती पांढुरकी पडते. पुष्कळ जण दुकानदाराला दोष देतात, पण निळीचा स्वभावच तसा. ती सुताच्या गाभ्यात शिरत नाही, वरच्या थरांवर बसते. घासलं की आतलं पांढरं सूत उघडं पडतं. (पांढऱ्या कपड्यांना द्यायची पुडीतली नीळ निराळी, नाव एक, पदार्थ वेगळा.)

नीळ पाण्यात विरघळत नाही. मग कापडाला चढते कशी? जुने रंगारी हौदात ती आंबवत. तिथला प्राणवायू संपला की नीळ पिवळट होऊन विरघळे. त्यात बुडवलेलं कापड बाहेर येई तेव्हा पिवळट असे. वारा लागला की डोळ्यांदेखत हिरवं, मग निळं. वाऱ्यातला प्राणवायू नीळ पुन्हा घडवी. हे रासायनिक कौशल्यच होतं आणि ते रंगाऱ्यांच्या हातात होतं. रसायन उद्योगाचा इतिहास सांगताना त्यांना वगळणं अन्यायाचं आहे.

आधुनिक उद्योगाची सुरुवातही रंगातूनच झाली. १८५६ साली लंडनमधला अठरा वर्षांचा विल्यम पर्किन ईस्टरच्या सुट्टीत घरच्या प्रयोगशाळेत मलेरियावरचं क्विनीन बनवू पाहत होता. कोळशापासून दिव्यांचा गॅस काढताना उरणारं डांबर, त्यातून मिळणारं ॲनिलिन हा त्याचा कच्चा माल. क्विनीन झालं नाही. हाती आला जांभळा रंग. पुढच्याच वर्षी त्याने कारखाना उभारला.

पण निळीने फार वाट पाहायला लावली. अडॉल्फ बायर या जर्मन रसायनशास्त्रज्ञाने १८६५ मध्ये तिचा पाठपुरावा सुरू केला. १८८० मध्ये ती प्रयोगशाळेत बनली, १८८३ मध्ये तिची रचना कळली आणि बीएएसएफ कंपनीची नीळ बाजारात यायला १८९७ उजाडलं. प्रयोगशाळेतली नीळ आणि कारखान्यातली नीळ यांत सतरा वर्षांचं अंतर! एक अवघड पायरी थर्मामीटर फुटल्यामुळे सुटली, असं सांगतात: नॅफ्थलीन, म्हणजे आपल्या डांबराच्या गोळ्यांतलं द्रव्य, आम्लात तापवताना पारा सांडला आणि अडलेली क्रिया वेगाने झाली. पण तो पारा ओळखणारी तयार नजर तिथे होती, हे विसरू नये.

या निळीची झळ बिहारला लागली. चंपारणमध्ये तीनकठिया पद्धत होती: वीस कठ्ठे जमिनीमागे तीन कठ्ठ्यांत निळीची सक्ती. जर्मन निळीने भाव पाडले, तेव्हा मळेवाल्यांनी कुळांना निळीतून सोडवण्याची किंमत वाढीव खंडाने वसूल केली. १९१७ मध्ये गांधीजी तिथे पोहोचले, त्यामागे ही हकिकतही आहे.

हल्ली डब्यांवर ‘केमिकल नाही’ असं छापतात. श्रोत्यांनी हा शब्द शिवीसारखा वापरू नये. पानातल्या निळीचा आणि कारखान्यातल्या निळीचा रेणू एकच. विचारायचंच तर कारखान्याचं सांडपाणी कुठे जातं, हे विचारावं. आणि ते ठामपणे विचारावं.

वेळ थोडाच उरला आहे, तरी मुंबईचा उल्लेख हवाच. १९३३ मध्ये मुंबई विद्यापीठाने रसायन तंत्रज्ञानाचा विभाग काढला, कारण गिरण्यांच्या शहराला रंग आणि कापड जाणणारी माणसं हवी होती. आज माटुंग्याला असलेली आयसीटी, म्हणजे इन्स्टिट्यूट ऑफ केमिकल टेक्नॉलॉजी, ती हीच. तिथले पहिले भारतीय संचालक डॉ. के. वेंकटरामन रंगांचे जाणकार. पुढे पुण्याच्या राष्ट्रीय रासायनिक प्रयोगशाळेचेही ते पहिले भारतीय संचालक झाले.

आणि औषधं? तीही रंगांच्याच घरातली. बायर कंपनी (नाव सारखं, पण ती अडॉल्फ बायर यांची नव्हे) आधी रंगच बनवायची. १९३०च्या दशकात तिथल्या गेरहार्ट डोमाक यांना प्रोन्टोसिल नावाचा लाल रंग जंतुसंसर्गावर उपयोगी पडताना दिसला. त्यांच्या मुलीच्या हातात सुई शिरून जखम चिघळली, हात कापायची वेळ आली, तेव्हा त्यांनी तिला हाच रंग दिला. तिचा हात वाचला.