गाडीची मागची बाजू उसळते तेव्हा



तुमची छोटी एसयूव्ही गतिरोधक ओलांडते,
आणि मागची बाजू डुलतच राहते का?
मग मागचे शॉक ॲब्सॉर्बर तपासा.
मेकॅनिक त्यांना शॉकअप म्हणतात.

गाडीचं वजन स्प्रिंग पेलते.
स्प्रिंगची उसळी शॉकअप जिरवतो.
त्यातलं तेल बारीक छिद्रांतून जातं,
आणि हेलकावा तिथेच शमतो.

गाडी सपाट जागी उभी करा.
मागचा कोपरा जोरात दाबा, आणि सोडा.
डुलत राहिली, तर शॉकअप थकलाय.
लगेच थांबली, तरी निर्धास्त होऊ नका.
खाली वाकून नळकांडं बघा.
किंचित ओलसरपणा चालेल.
तेलाचा ओघळ मात्र चालणार नाही.
टायरवरूनही हात फिरवा.
जागोजागी खळगे लागले, तर तीही खूण.

बदलायचे, तर दोन्ही बदला.
एक नवा, एक जुना, असं नको.
ब्रेक मारताना, वळताना गाडीचा तोल बिघडतो.
म्हणून पुन्हा सांगतो, जोडीनंच बदला.

स्वतः बदलणार असाल, तर नुसत्या जॅकच्या भरवशावर गाडीखाली जाऊ नका.
भक्कम स्टँड लावा.
बोल्ट काढण्याआधी ॲक्सललाही आधार द्या.
शॉकअप सुटला, की ॲक्सल खाली येतो.

आणि एक गोष्ट घाईत हमखास राहते.
नव्या शॉकअपचा खालचा बोल्ट आधी हलकाच लावा.
वजन चाकांवर आलं, की मगच पक्का आवळा.
नाहीतर बोल्टभोवतीचा रबरी बुश पिळला जातो,
आणि लवकर फाटतो.