पाच तास कोण देणार?

(स्त्री-संघटनांच्या कार्यकर्त्यांच्या शिबिरात केलेलं भाषण)



दोन दिवस आपण हिंसा, रेशन, जमिनीचा सातबारा यांवर बोललो, आणि आता ही बाई बुद्धिबळावर बोलणार म्हटल्यावर काहीजणी एकमेकींकडे बघून हसल्या, ते मी पाहिलं. हसा. पण थोडं ऐकाही, कारण विषय आपलाच आहे.

बाईला मागे ठेवायचं तर पहिलं कारण शरीराचं दिलं जातं. तिला ओझं उचलणार नाही, एसटी चालवता येणार नाही, रात्रपाळी झेपणार नाही. बुद्धिबळात हे कारण चालतच नाही. दोन माणसं, एक पट, बत्तीस सोंगट्या. मग निदान इथलं दार तरी उघडं असायला हवं होतं ना? ते नव्हतं.

आपल्या मुंबईतल्या तीन बहिणींचीच गोष्ट घ्या. १९७४ साली देशातली पहिली राष्ट्रीय महिला स्पर्धा वासंती खाडिलकरनी जिंकली. जयश्री १९७९ साली भारताची पहिली महिला आंतरराष्ट्रीय मास्टर झाली. धाकटी रोहिणी १९७६ मध्ये, तेराव्या वर्षी राष्ट्रीय विजेती झाली आणि त्याच वर्षी पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत खेळायला उतरली. केवढा गदारोळ झाला! प्रकरण उच्च न्यायालयापर्यंत गेलं. शेवटी जागतिक महासंघाचे तेव्हाचे अध्यक्ष मॅक्स युवे यांना सांगावं लागलं की राष्ट्रीय आणि आंतरराष्ट्रीय स्पर्धांमध्ये स्त्रियांना मज्जाव करता येणार नाही. पुढे १९८१ मध्ये रोहिणी आशियाई विजेतीही झाली.

नियम झाला म्हणजे प्रश्न सुटला, असं आपल्या कुठल्याच लढ्यात होत नाही. तिकडे हंगेरीत झुझा पोल्गार १९८६ साली जागतिक अजिंक्यपदाच्या विभागीय फेरीसाठी पात्र ठरली, आणि केवळ मुलगी म्हणून तिला खेळू दिलं नाही. तिची धाकटी बहीण ज्युडिट १९९१ मध्ये पंधराव्या वर्षी ग्रँडमास्टर झाली. तिने बॉबी फिशरचा विक्रम मोडला होता. पुढे ती महिलांच्या स्पर्धा सोडून खुल्या गटातच खेळली आणि २००५ मध्ये जगात आठव्या क्रमांकावर पोचली. बायकांच्या यादीत नव्हे बरं का, सगळ्यांच्या यादीत.

आता तुम्ही विचाराल, मग महिला गट हवाच कशाला? हाच प्रश्न पंचायतीतल्या राखीव जागांच्या वेळी आपल्याला विचारला होता. तेव्हाचं आपलं उत्तर इथेही लागू आहे. राखीव जागेमुळे बाई पहिल्यांदा आत येते. पण 'तुमची जागा तेवढीच' असं कुणी म्हटलं तर ते ऐकायचं नाही. खुला गट म्हणजे पुरुषांचा गट नव्हे, तो सगळ्यांचा आहे.

नागपूरच्या दिव्या देशमुखने जुलै २०२५ मध्ये जॉर्जियातल्या बाटुमीत महिला विश्वचषक जिंकला आणि ती ग्रँडमास्टर झाली. अंतिम फेरीत तिच्यासमोर कोनेरू हंपी होती, दोघी आपल्याच देशातल्या. दिव्याला बक्षीस मिळालं पन्नास हजार डॉलर. त्याच वर्षी गोव्यात झालेल्या खुल्या विश्वचषकाचं पहिलं बक्षीस होतं एक लाख वीस हजार. दिव्या तिथेही उतरली आणि पहिल्याच फेरीत हरली. हरू दे. हरायलासुद्धा आधी आत जावं लागतं.

याच दिव्याने २०२४ च्या सुरुवातीला जाहीरपणे लिहिलं होतं की प्रेक्षक आपले कपडे, केस, बोलण्याची ढब बघतात, आपला डाव बघत नाहीत. हे तुम्हाला वेगळं समजावून सांगायला नको.

आता थोडं माझं सांगते. मी रोहिणीच्याच वयाची. आजोबांनी ओसरीवर खेळ शिकवला. आमच्या गावात एकदा स्पर्धा झाली, तिसऱ्या फेरीत माझा एक हत्ती जास्त होता. तेवढ्यात भाऊ दारात येऊन उभा राहिला, "आई म्हणते, दिवेलागणीच्या आत घरी ये." मी बरोबरी मागितली. समोरच्याने लगेच हात पुढे केला, त्याला काय, सुटला बिचारा! त्या दिवशी कुणी मला मारलं नाही, रागावलंही नाही. फक्त वेळ संपली होती. माझा खेळ सुटला तो तिथेच.

निवृत्त झाल्यापासून मी आमच्या वस्तीत दर रविवारी मुलींना बुद्धिबळ शिकवते. नऊ-दहा वर्षांच्या मुली मुलग्यांना सहज हरवतात. बारा-तेराव्या वर्षी एकेक गळायला लागते. डोकं कमी पडतं म्हणून नाही. नळाला पाणी येतं चार वाजता. धाकट्याला सांभाळायचं असतं. आई कामावरून यायच्या आत भाकऱ्या व्हायला हव्या असतात. मोठ्या स्पर्धेतला एक डाव चार-पाच तास चालतो, मैत्रिणींनो. आपल्या घरातल्या कुठल्या मुलीला सलग पाच तास बसून नुसता विचार करायची मुभा आहे? आणि कुठल्या बाईला?

ज्या पुढे गेल्या त्यांच्यामागे कुणीतरी उभं होतं. हंपीच्या वडिलांनी तिला शिकवण्यासाठी नोकरी सोडली. २०१७ मध्ये तिला मुलगी झाली, आणि त्यानंतर २०१९ व २०२४ असं दोनदा तिने जलद बुद्धिबळाचं जगज्जेतेपद मिळवलं. ती परदेशी खेळायला जाते तेव्हा मुलीला तिचे आईवडील सांभाळतात. तिचं मोठेपण यामुळे तसूभरही कमी होत नाही. पण असं घर ज्या मुलीला मिळत नाही, तिचं काय? पट स्वस्त असतो. प्रवेश फी, प्रवास, शिक्षक, सोबत जाणारं माणूस, हे स्वस्त नसतं.

म्हणून माझं मागणं साधं आहे. प्रत्येक गटाने आपल्या वस्तीत आठवड्यातून एक दुपार मुलींसाठी राखून ठेवा. एक खोली, दोन-चार पट, आणि त्या वेळात पाणी भरायला, धाकट्यांना सांभाळायला आपल्यातल्या दोघीजणी, किंवा त्या मुलींचे भाऊ. हो, भाऊच! स्पर्धा असेल तेव्हा एकीने सोबत जायचं.

सगळ्याजणी काही ग्रँडमास्टर होणार नाहीत. नकोही. पण डाव जिंकत असताना कुणी दारात येऊन हाक मारली, तर "माझा डाव संपला की येते" एवढं तिला म्हणता आलं पाहिजे. मला ते म्हणता आलं नव्हतं.