खांदेरीच्या लढाईत कोण कोणाच्या बाजूला होते?
(मनावर येथे शिवजयंतीच्या तयारीच्या सभेत केलेले भाषण)



आपण मान नदीकाठची माणसे. आपल्या वाडवडिलांचा इतिहास घोड्यांचा, पवारांच्या फौजांचा. आरमाराची गोष्ट आपल्याकडे ऐकीव, म्हणून ती फार सोपी करून सांगतात : तिकडे जंजिऱ्याचा सिद्दी, मुसलमान चाचा, आणि इकडे आपण. आम्हाला हे मान्य नाही.

सिद्दीने किनारा लुटला, रयत छळली, हे खरेच. पण १६७९ सालची खांदेरी पाहा. मुंबईच्या तोंडाशी असलेल्या या बेटावर महाराजांनी तटबंदी सुरू केली. बेटावर मायनाक भंडारी, आरमारावर दौलतखान. इंग्रजांची गलबते वाऱ्याच्या भरवशावर. आपल्या होड्या वल्ह्यांवर, उथळ पाण्यातून रसद पोचवीत. १८ ऑक्टोबरला दौलतखानाने हल्ला केला आणि इंग्रजांचे ‘डव्ह’ गलबत आपल्या हाती लागले. पुढे इंग्रजांच्या मदतीला आला सिद्दी कासम! तरी खांदेरी आपल्याकडेच राहिली.

चाचा म्हणाल, तर इंग्रज कान्होजी आंग्र्यांनाही चाचाच म्हणत. त्यांचे दस्तक न घेणारी जहाजे ते पकडीत ना! आणि १७५६ साली विजयदुर्गाला आंग्र्यांचे आरमार जाळले इंग्रजांनी, पण त्या मोहिमेत नानासाहेब पेशवे त्यांच्या बाजूला होते. हे मात्र व्यासपीठावरून कोणी बोलत नाही.

तेव्हा आमची सूचना अशी, की यंदाच्या मिरवणुकीतल्या आरमाराच्या फलकावर मायनाक भंडारींच्या शेजारी, त्याच आकाराच्या अक्षरांत, दौलतखानाचे नाव लिहावे. सभेने यावर आजच मत द्यावे.