आपल्या घरातलं ‘इंग्लिश’ भरतकाम
(सोसायटीच्या रौप्यमहोत्सवानिमित्त महिला मंडळाने क्लब हाऊसमध्ये भरवलेल्या जुन्या भरतकामाच्या प्रदर्शनात केलेले भाषण)

मैत्रिणींनो, आणि खुर्च्या लावून झाल्यावर मागे थांबलेले कमिटीचे सभासदहो,

समोरच्या टेबलांवर मांडलेलं बहुतेक काम आपल्या आई-आजी-सासूबाईंचं आहे. पंचवीस वर्षांपूर्वी आपण गिरगाव, दादर, परळ, डोंबिवलीहून मानपाड्याला राहायला आलो, तेव्हा हे ट्रंकेतून आलं. टीव्हीवर टाकायचा रुमाल, ताटावरचं झाकण, ‘गुड नाइट’ आणि ‘स्वीट ड्रीम्स’ लिहिलेले उशीचे अभ्रे, दुसुतीवरचे मोर. मी शाळेत शिवण शिकवत होते, म्हणून या टाक्यांबद्दल मी बोलावं असं ठरलं.

टाक्यांची नावं बघा. साखळी, गहू टाका, उलटी टीप ही आपली. पण लेझी डेझी, हेरिंगबोन, स्मॉकिंग, कटवर्क ही इंग्रजी नावं आजीच्याही तोंडात होती, आणि त्यातल्या कितीतरी आज्यांना इंग्रजी येत नव्हतं. ही नावं आली शाळांमधून. 1829 साली मार्गारेट विल्सन मुंबईत आल्या आणि त्यांनी मुलींच्या शाळा काढल्या. तेव्हाच्या मिशनच्या मुलींच्या शाळांत वाचन-लेखनाबरोबर शिवण असायचंच. पुढे रमाबाई रानड्यांच्या पुण्याच्या सेवासदनात, 1909 नंतर, शिवण म्हणजे नुसता फावल्या वेळचा छंद राहिला नाही. पोटाला आधार देणारी विद्या म्हणून ते शिकवलं गेलं.

खुद्द इंग्लंडात मात्र ही कला फार जुनी. तेराव्या-चौदाव्या शतकात तिथलं भरतकाम सगळ्या युरोपात नावाजलेलं होतं. त्याला लॅटिनमध्ये ‘ओपस अँग्लिकॅनम’, म्हणजे ‘इंग्रजी काम’ म्हणत. पोपच्या भांडारातल्या वस्तूंची 1295 साली यादी झाली, तिच्यात भरलेल्या वस्त्रांमध्ये सर्वात जास्त संख्या इंग्रजी कामाची निघाली. त्यातली युक्ती सांगते. सोन्याची तार कापडावर आडवी ठेवायची आणि मागून तागाच्या दोऱ्यानं थोड्या थोड्या अंतरावर तिचा बारीकसा फास मागच्या बाजूला ओढून घ्यायचा. वरून धरणारा टाका दिसतच नाही, आणि जड सोनं असूनही झगा छान वळतो. आपल्या जरदोजीत तार वरूनच टाकते, म्हणून ते कापड जरा ताठ उभं राहतं. लग्नात भरलेला शालू नेसून जमिनीवर बसलेल्या प्रत्येकीला हा फरक समजेल!

आता माझ्या आवडीच्या टाक्याकडे येते. सोळाव्या शतकात इंग्लंडात पांढऱ्या तागावर काळ्या रेशमानं भरायची पद्धत होती, ‘ब्लॅकवर्क’. आठव्या हेन्रीची स्पॅनिश राणी कॅथरीन हिनं ती आणली असं परंपरेनं सांगतात. आधी धावदोरा घालत पुढे जायचं, एक घर भरलेलं, एक रिकामं. मग त्याच वाटेनं परत येत रिकामी घरं भरायची. सुलट आणि उलट बाजू अगदी सारखी. गळपट्टी आणि बाही दुमडली की दोन्ही बाजू दिसतात, म्हणून ही मेहनत. या टाक्याला ‘होल्बाइन’ म्हणतात. होल्बाइन हा दरबारी चित्रकार. त्यानं काढलेल्या जेन सीमूर राणीच्या चित्रात बाहीवरचं भरतकाम इतकं स्पष्ट दिसतं, की टाक्याला त्याचंच नाव पडलं.

माझी आई बेळगावकडची. तिच्याकडे कसूती भरलेली इरकली होती. कसूतीतला ‘गवंती’ टाका म्हणजे हुबेहूब हाच! जाताना एकाआड एक, येताना भरत यायचं, गाठ कुठेच नाही, सगळा हिशेब कापडाचे धागे मोजून. तिकडे राणीच्या बाहीवर वेलबुट्टी, इकडे धारवाडच्या बाईच्या पदरावर गोपूर, हत्ती आणि तुळशीवृंदावन. कुणी कुणाकडून घेतलं हे शोधण्यात मला फार रस नाही. दोन्ही बाजू सारख्या हव्यात असा हट्ट धरून धागे मोजायला बसलं, की कुणीही याच टाक्याशी पोचेल.

काही वेळा मात्र देवाणघेवाण खरीच झाली. सतराव्या शतकात सुरतेहून ईस्ट इंडिया कंपनीच्या जहाजांतून गुजरातचं साखळी टाक्याचं काम आणि छापील-रंगीत चादरी विलायतेला जात. वळणदार खोडाचं मोठं झाड, त्यावर न पाहिलेली फुलं. इंग्लंडातल्या बायका लोकरीच्या दोऱ्यानं पलंगाच्या पडद्यांवर तशीच झाडं भरू लागल्या. आज ते ‘अस्सल इंग्लिश’ म्हणून पुस्तकात असतं.

दुसुतीवरच्या मोराचं मूळ आणखी तिसरीकडे. एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीला बर्लिनमध्ये चौकटीच्या कागदावर रंगवलेले नमुने विकायला आले आणि इंग्लंडात त्यांचं वेड पसरलं. एक चौकोन म्हणजे एक टाका, चित्रकला येण्याची गरज नाही. आपल्याकडे क्रॉस स्टिचचे नमुने याच हिशेबानं एका घरातून दुसऱ्या घरात फिरले. आणि स्मॉकिंग? ते तिकडच्या शेतमजुरांच्या अंगरख्यावरचं. चुण्या टाक्यांनी धरल्या की इलॅस्टिकशिवाय कापड ताणतं. तेच आपल्या लेकींच्या फ्रॉकवर आलं.

मला खरं बोलायचंय ते नावाबद्दल. इंग्लंडात मुली शिकताना एका पट्टीवर सगळे टाके भरत, तिला ‘सँपलर’ म्हणतात. तारीख घातलेला तिथला सर्वात जुना सँपलर 1598 चा, आणि त्यावर भरणारीचं नाव आहे, जेन बोस्टॉक. लंडनच्या व्हिक्टोरिया अँड अल्बर्ट म्युझियममध्ये तो आहे. पुढे तर आठ-नऊ वर्षांच्या मुलीही नाव, वय, साल भरून ठेवत.

आपला सँपलर म्हणजे रुखवत. पण रुखवतातल्या कापडावर नाव कुठे असतं? स्टीलच्या वाटीवर आपण आठवणीनं नाव घालून घेतो, ‘अमक्यांजकडून, दिनांक अमुक’. सहा महिने डोळे फोडून भरलेल्या टेबलक्लॉथवर काही नाही. आणि मग तो बोहारणीकडे जातो, त्याच्या बदल्यात पातेलं येतं, आणि त्या पातेल्यावर आपण नाव घालतो! गेल्या खेपेला इमारतीचं रंगकाम निघालं, तेव्हा खाली भंगाराच्या ढिगात एक शॅडो वर्कची चादर होती. मी ती उचलून आणली, धुतली. आज तिसऱ्या टेबलावर आहे. कुणाच्या घरातली ते विचारत नाही. भरली कुणी, एवढंच कुणाला माहीत असेल तर सांगा.

आता कामाच्या गोष्टी. भरलेलं कापड प्लास्टिकच्या पिशवीत ठेवू नका, जुन्या धुतलेल्या सुती साडीत गुंडाळा. घडी दर वर्षी बदला, नाहीतर घडीवरच फाटतं. इस्त्री जाड टॉवेलवर, उलट्या बाजूनं, म्हणजे टाके चपटे होत नाहीत. नाव घालायचं ते मागच्या कोपऱ्यात. सहापदरी दोऱ्यातला एकच पदर काढून, उलट्या टिपेनं. तिचं नाव, माहेरचं माहीत असेल तर तेही, आणि साल. नक्की साल आठवत नसेल तर ‘बंड्याच्या मुंजीच्या आधी’ असंही चालेल.

चहानंतर मी दारापाशी सुई-दोरा घेऊन बसणार आहे. ज्यांना घाई नाही त्यांनी या.