तारखेला कुणीच हजर नसतं तेव्हा

पाचगणीत आणि आसपासच्या खेड्यांत बांध, पाण्याची वाट, वडिलोपार्जित वाटणी यांवरून कोर्टाची पायरी चढलेली माणसं मी वकिलीच्या निमित्तानं पुष्कळ पाहिली. दावा लावताना सगळं घर येतं. वर्षं उलटतात आणि एके दिवशी पुकारा होतो, तेव्हा दारात कुणीच नसतं.

अशा वेळी कोर्टानं काय करावं, हे दिवाणी प्रक्रिया संहितेच्या नवव्या आदेशात सांगितलं आहे. दोन्ही बाजू गैरहजर असतील तर दावा काढून टाकता येतो. मुदत शिल्लक असेल तर तो नव्यानं लावता येतो. पण प्रतिवादी हजर आणि वादीच नाही, असं झालं तर मामला कठीण होतो. त्याच कारणासाठी पुन्हा दावा लावता येत नाही. ३० दिवसांच्या आत अर्ज करून, न येण्याचं सबळ कारण दाखवून, जुनाच दावा पुन्हा फाईलवर घ्यायला सांगावं लागतं. दावा निघाला की त्यातला तात्पुरता मनाईहुकूमही जातो, हे अनेकांच्या ध्यानातच येत नाही.

यात कोर्टाचा दुष्टावा नसतो. समोरच्या माणसाच्या जमिनीवर दाव्याची टांगती तलवार किती वर्षं ठेवायची, हाही प्रश्न असतोच.

मात्र 'पाठपुरावा केला नाही' याचा अर्थ 'हक्क सोडला' असा नेहमी नसतो. आपल्या भागातली कितीतरी माणसं पोटासाठी मुंबईला असतात. एका कुटुंबात वडिलांनी बांधाचा दावा लावला होता. ते वारले. मुलं मे महिन्यात गावी आली तेव्हा कळलं, की दावा केव्हाच संपुष्टात आला. पक्षकार वारल्यावर ९० दिवसांत वारस लावावे लागतात. ते राहिलं, तर पुढच्या ६० दिवसांत दावा जिवंत करण्याचा अर्ज करता येतो. त्यानंतर उशीर माफ करून घ्यावा लागतो. या मुलांनी मृत्यूचा दाखला जोडून कारणं मांडली, कोर्टानं खर्च बसवून वारस लावू दिले. सगळ्यांचं असं जमतंच असं नाही.

वकील आला नाही म्हणून निघालेलं अपील सर्वोच्च न्यायालयानं १९८१ साली रफिक विरुद्ध मुन्शीलाल या प्रकरणात पुन्हा चालवायला लावलं. वकिलाच्या चुकीची शिक्षा खेड्यातल्या निरपराध अशिलाला नको, हा त्यामागचा विचार. पण दरवेळी त्यावर विसंबून राहू नये.

जनहित याचिकेची गोष्ट निराळी. मुंबईच्या पत्रकार शीला बारसे यांनी तुरुंगातल्या मुलांसाठी सर्वोच्च न्यायालयात याचिका केली होती. कामाच्या दिरंगाईला कंटाळून त्यांनी ती मागे घ्यायची परवानगी मागितली. १९८८ साली न्यायालयानं ती नाकारली. बारसे बाजूला झाल्या, याचिका चालू राहिली. कारण प्रश्न त्यांचा एकटीचा नव्हता, मुलांचा होता. महाबळेश्वर-पाचगणी परिसर केंद्र सरकारनं २००१ साली पर्यावरणदृष्ट्या संवेदनशील जाहीर केला. इथल्या झाडांसाठी, पठारांसाठी उद्या कुणी न्यायालयात गेलं आणि दमलं, तर हा निकाल आठवावा.

आता काही गोष्टी सोप्या झाल्या आहेत. ऑगस्ट २०२५ पासून उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच कोल्हापूरला सुरू झालं. सातारा-सांगलीकरांची मुंबईची खेप वाचली. प्रत्येक प्रकरणाला १६ अक्षर-अंकांचा सीएनआर क्रमांक असतो, त्यावरून पुढची तारीख मोबाईलवर दिसते. तो क्रमांक घरातल्या दोघातिघांकडे लिहून ठेवा. पत्ता, फोन बदलला तर वकिलांना कळवा. घरातलं माणूस गेलं, तर दिवसकार्य उरकल्यावर वकिलांकडेही निरोप धाडा. कोर्टाला ते कळवणं वकिलांचं कर्तव्य आहे, पण आधी त्यांना कळायला हवं. आणि भांडण खरंच मिटवायचं असेल, तर दोघांनी मिळून तडजोड लिहून द्या. नुसतं जायचं बंद करू नका.